वाचकांचे प्रश्न : कापडवाल्याची हाक

गेल्या अंकात एका वाचकाने विचारलं होतं, ‘हिंदी-मराठीबाहेरचा तुमचा आवडता नट कोण?’ मी लिहिलं, अझरबैजानचा रशीद बेहबुदोव. जागा संपली होती म्हणून तेवढ्यावरच थांबले. त्या एका ओळीवर महिनाभर पत्रं येत आहेत. कुणी नाव नीट वाचता आलं नाही म्हणून लिहिलंय, कुणी यूट्यूबवर शोधून, अर्धा सिनेमा पाहून लिहिलंय. म्हणून या वेळी नाटक-सिनेमाचे बाकीचे प्रश्न पुढच्या अंकासाठी ठेवते आणि सगळी जागा या एका माणसाला देते.

प्रश्न : हे नाव आम्ही कधी ऐकलं नाही. कोण होता हा माणूस? — एक वाचक, महाल

जन्म १४ डिसेंबर १९१५ चा, टिफ्लिसमधला. म्हणजे आजचं तिबिलिसी, जॉर्जियाची राजधानी. घराणं मात्र अझरबैजानच्या काराबाख प्रांतातल्या शुशाचं. शुशा हे डोंगरावरचं छोटं शहर, पण गवय्यांची खाण. वडील मजीद हे ‘खानेंदे’, म्हणजे मुघाम गाणारे होते. मुघाम म्हणजे आपल्या रागांसारखे तिकडचे गायनप्रकार, आपल्याला समजायला जड जात नाहीत. रास्त, शूर, सेगाह, चाहारगाह अशी त्यांची नावं. प्रत्येकाची स्वतःची चलन, स्वतःचा भाव. गाणारा हातात डफ धरतो, बाजूला तार आणि कमांचा ही वाद्यं असतात. आवाज खालून हळूहळू चढत जातो आणि वर गेल्यावर गळ्यातून एक थरथर काढतात, तिला ‘झेंगुले’ म्हणतात. आपल्या गाण्यातल्या हरकतींवर वाढलेल्या कानाला ती परकी वाटत नाही.

घरात असं गाणं असताना मुलाला घातलं कुठे, तर रेल्वेच्या तंत्रशाळेत. अजनीच्या रेल्वे कॉलनीत राहिलेल्यांना हे समजावून सांगायची गरज नाही. गळ्यात सूर असलेली किती मुलं तिथून फिटर म्हणून कामाला लागली, हे मी डोळ्यांनी पाहिलंय. बेहबुदोवने त्या तंत्रशाळेतही पोरं जमवून वाद्यवृंद उभा केला. मग लष्करातली नोकरी, तिथेही गाण्याच्या पथकात. मग येरेवानला जाऊन आर्मेनियाच्या सरकारी जाझ वाद्यवृंदात गायला लागला. अझरबैजानी मुलगा, आर्मेनियाची राजधानी आणि जाझ! पुढे या दोन देशांमध्ये काराबाखवरून जी युद्धं झाली ती माहीत असल्यामुळे त्याच्या चरित्रातल्या या वाक्याशी मी दरवेळी थांबते.

दुसऱ्या महायुद्धात तो आघाडीवरच्या सैनिकांसमोर गात फिरला. तिथून बाकूला, तेव्हा सोव्हिएत संघात असलेल्या अझरबैजानच्या राजधानीत आला आणि १९४५ मध्ये ‘अर्शिन माल आलान’ या चित्रपटात अस्गर झाला. १९४६ ला त्या कामासाठी स्टालिन पारितोषिक. पुढे फिलहार्मोनिक (सरकारी संगीतसंस्था), मग ऑपेरा, १९५९ ला ‘सोव्हिएत संघाचा लोककलावंत’ ही पदवी, १९६६ ला स्वतःचं ‘गीत-नाट्यगृह’, १९८० ला ‘समाजवादी श्रमवीर’. मानसन्मान पुष्कळ मिळाले. पण मला सांगायचंय ते त्या १९४५ च्या कामाबद्दल.

प्रश्न : सिनेमा सापडला, पण भाषा कळली नाही. खांद्यावर कापड टाकून तो दारोदार का फिरतो? गोष्ट काय आहे? — एक वाचक, त्रिमूर्तीनगर

ताई, गोष्ट आपल्याच घरातली आहे. विसाव्या शतकाच्या सुरुवातीचा काळ. अस्गर हा श्रीमंत तरुण व्यापारी. घर आहे, पैसा आहे, जहान खाला नावाची मावशी आहे, वली नावाचा नोकर आहे. लग्न करायचंय. रीत अशी की बायका पडद्यात, आणि घरच्यांनी ठरवलेली मुलगी नवऱ्याने लग्नानंतरच पाहायची. अस्गर अडून बसतो. मुलगी पाहीन, मन बसलं तरच लग्न करीन, म्हणतो. आता पाहायची कशी? त्याचा मित्र सुलेमान युक्ती सुचवतो. परक्या पुरुषाला अंगणात कुणी येऊ देत नाही, पण कापडवाल्याला बायका स्वतः हाक मारून बोलावतात आणि कापड पाहण्याच्या नादात चेहऱ्यावरचा पडदा बाजूला होतो. तर तू कापडवाला हो.

आणि तो होतो. खांद्यावर कापड, हातात मोजायची काठी, गल्लीगल्लीतून हाक. एका अंगणात त्याला गुलचोहरा दिसते. सुलतान बेची मुलगी. दोघांचं मन बसतं. पण सुलतान बे कापडवाल्याला मुलगी देईल का? हाकलूनच देतो. मग तोच अस्गर श्रीमंत व्यापारी म्हणून मागणी घालतो तर लगेच हो म्हणतो. गुलचोहराला यातलं काहीच माहीत नाही. आपल्याला कुणा अनोळखी शेटजीच्या घरी आणून टाकलंय, असं समजून ती जीव द्यायला निघते, आणि समोर येतो तो तिचा कापडवाला. शेवटी एक नव्हे, चार लग्नं होतात. अस्गर आणि गुलचोहरा, सुलेमान आणि गुलचोहराची चुलतबहीण आसिया, वली आणि तिथली मोलकरीण तेल्ली, आणि स्वतः विधुर असलेला सुलतान बे व जहान खाला.

यात एक वाक्य पुन्हा पुन्हा येतं. जहान खालाच्या मते लग्नाला लागतं काय? एक मुल्ला, तीन मनात आणि एक कल्ला कंद. मनात हे तिकडचं नाणं. कल्ला कंद म्हणजे साखरेची शंकूसारखी अख्खी ढेप. ‘कंद’ हा शब्द मुळात आपलाच, संस्कृत ‘खंड’वरून, ज्यातून आपली खांड आली. म्हणजे त्यांचं लग्नही साखरेवाचून ठरत नाही. आपण साखरपुडा म्हणतो, तेव्हा त्यातली साखर आपल्या लक्षातही येत नाही. हा सिनेमा पाहिल्यापासून मला ती येते.

मी तो पाहिला १९७९ च्या मे महिन्यात. बी.ए.च्या दुसऱ्या वर्षाची परीक्षा नुकतीच झाली होती. सीताबर्डीवरच्या एका हॉलमध्ये फिल्म सोसायटीचा खेळ होता, सोळा एमएमचा प्रोजेक्टर, खिडक्यांना वाळ्याचे ताटवे आणि पाण्याचा वास. सोबत बाबा होते. बाबांनी गांधीबागेतल्या कापड बाजारात एका पेढीवर ३१ वर्षं कापड मोजलं. इंग्रजी त्यांना येत नव्हतं, म्हणून खालची अक्षरं वाचून मी त्यांच्या कानात मराठी सांगत होते. थोड्या वेळाने त्यांनी मला हाताने थांबवलं. सांगू नको, समजून राहिलं, म्हणाले.

रीळ बदलायला दिवे लागले तेव्हा त्यांनी एक गोष्ट सांगितली, ती मी कुठल्याही समीक्षेत वाचलेली नाही. “हा काही कापडवाला नव्हे बाप्पा. कापडवाल्यानं गिऱ्हाइकाच्या हाताकडे पाहावं लागते. हा तोंडाकडे पाहून राहिला.”

मी विचारलं, हाताकडे का? तर म्हणाले, बाई कापड हातात घेते आणि अंगठा व तर्जनीच्या मध्ये धरून चोळते. पसंत नसेल तर एकदा चोळून सोडते. पसंत असेल तर अंगठा तिथेच राहतो, बोलणं दुसरंच चाललेलं असतं, भाव जास्त आहे म्हणते, शेजारच्या दुकानात स्वस्त आहे म्हणते, पण अंगठा सुटत नाही. मग विकणाऱ्याने काही बोलायचं नसतं, फक्त किती वार, एवढंच विचारायचं.

अस्गर खोटा कापडवाला आहे, आणि ते त्याच्या नजरेवरून कळतं. बेहबुदोवने ते जाणून केलं की आपोआप झालं, मला सांगता येणार नाही. पण ३१ वर्षं त्या धंद्यात असलेल्या माणसाने पहिल्या रिळातच ओळखलं.

माझी आजी, बाबांची आई, आजोबांना पहिल्यांदा पाहिलं ते अंतरपाट बाजूला झाला तेव्हा, असं सांगायची. आणि तेव्हाही मान खाली, म्हणजे पाहिले ते पायच. घरी आल्यावर मी तिला ही गोष्ट सांगितली. तिने सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, “त्यानं तर तिले पाहिलं. तिनं पाहिलं का त्याले?” पाहिलं ना, मी म्हटलं, तिलाही तो आवडला. “मंग ठीक हाये,” म्हणाली.

प्रश्न : तुम्ही त्यांना नट म्हणता, पण सगळीकडे गायक असंच लिहिलेलं आहे. एक-दोन सिनेमांवर कुणी नट होतो का? — एक विद्यार्थी, काटोल रोड

तुमचा प्रश्न रास्त आहे आणि मला तो आवडला, कारण नेमकं याच्यासाठी मला लिहायचं होतं.

मुख्य भूमिका मोजल्या तर खरंच थोड्या आहेत. १९४५ चा अस्गर, मग १९५५ चा ‘बख्तियार’, ज्यात तो गाण्याचं वेड असलेल्या तरुणाच्या भूमिकेत आहे आणि गाणी तौफिक गुलियेवची आहेत. पुढे संगीतपट, दूरदर्शनसाठी केलेले कार्यक्रमवजा चित्रपट. यादी एवढीच. पण तुम्ही ज्या घरात वाढलात त्या घरात आजोबा-आजींना विचारा, ते तुम्हाला एक शब्द सांगतील : गायक नट. आपल्या संगीत रंगभूमीने हा शब्द घडवला. गायक आणि नट, अशी दोन माणसं नव्हेत. एकच. पद सुरू झालं की अभिनय थांबला असं ज्याचं होत नाही, तो गायक नट. हिंदी सिनेमात पुढे चेहरा एकाचा आणि गळा दुसऱ्याचा ही रीत पडली आणि तिने आपल्याला फार सुंदर गोष्टी दिल्या, त्याबद्दल माझी तक्रार नाही. पण त्यामुळे आपण एक गोष्ट पाहायची विसरलो. गाताना माणसाच्या चेहऱ्याला खरोखर काय होतं?

बेहबुदोवचं पाहा. उंच पट्टीचा, मऊ आवाज, तार सप्तकात सहज जाणारा. वर जाताना मानेच्या शिरा ताणत नाही, भुवया किंचित उचलतो, इतकंच. अस्गर घरात एकटा असताना, अजून वेषांतर सुचलेलं नसताना गातो, तेव्हा आवाज आत वळलेला आहे, मुघामच्या अंगाने, स्वतःशीच बोलल्यासारखा. मग तोच आवाज रस्त्यावर येतो तेव्हा बदलतो. हाक आली की आवाज मोकळा होतो, शेवटचा स्वर लांबतो, कारण हाक भिंतीपलीकडे जायला हवी. आणि गुलचोहरा समोर आल्यावर हाकेचे शब्द तेच, पण आता ती गल्लीला उद्देशून नाही. एका माणसाला उद्देशून आहे. आवाज लहान केलेला नाही, जवळ आणलाय. हे तीन आवाज एकाच माणसाने, एकाच भूमिकेत, एकाही संवादाच्या मदतीशिवाय केलेत. याला अभिनय नाही म्हणायचं तर कशाला म्हणायचं?

आणखी एक पुरावा देते. १९५३ ला फिक्रेत अमिरोवचा ‘सेविल’ हा ऑपेरा बाकूच्या मंचावर आला. मूळ नाटक जाफर जब्बारलीचं. त्यात सेविल ही पडद्यात राहणारी साधी बायको, आणि तिचा नवरा बालाश. शिकलेला, मोठ्या लोकांत वावरणारा, बायकोची लाज वाटणारा. तो तिला टाकतो. ती पडदा फेकून देते आणि स्वतःच्या पायावर उभी राहते. बेहबुदोवने कोण केला? बालाश. पडद्यामागचा चेहरा पाहण्यासाठी कापड खांद्यावर घेऊन वणवण फिरणारा अस्गर ज्याने केला, त्यानेच बायकोच्या पडद्याची लाज वाटणारा नवराही केला. लोकप्रिय नायकाला असली भूमिका नको असते. याने केली.

आणि १९६६ ला त्याने जी संस्था काढली तिचं नाव पाहा. ‘संगीत मंडळ’ नाही, ‘वाद्यवृंद’ नाही. गीत-नाट्यगृह. गाण्याचं थिएटर. तिथे तार-कमांचाच्या जोडीला जाझची वाद्यं होती, आणि प्रत्येक गाणं एका छोट्या प्रवेशासारखं उभं करायचं, हा त्याचा आग्रह. शेवटपर्यंत तो तिथेच गायला आणि तीच संस्था सांभाळली. म्हणजे सिनेमा थोडे केले म्हणून त्याने अभिनय सोडला, असं नव्हे. तो अभिनय त्याने गाण्यात नेला आणि आणखी तेवीस वर्षं रोज केला.

प्रश्न : मूळ नाटक १९१३ चं, असं वाचलं. पडद्याची एवढी रीत होती तर मंचावर बायका कशा आल्या? — एक निवृत्त शिक्षक, धंतोली

आल्या नाहीत, सर. गुलचोहरा पुरुषाने केली.

‘अर्शिन माल आलान’ ही उझेयिर हाजिबेयोवची संगीतिका. शुशात वाढलेला हा संगीतकार. १९०८ ला त्याने ‘लेयली आणि मजनून’ हा ऑपेरा बाकूत मंचावर आणला, मुसलमानी जगातला पहिला. १९१३ ला पीटर्सबर्गला शिकत असताना त्याने ‘अर्शिन’ लिहिली. शब्द त्याचे, संगीत त्याचं. २५ ऑक्टोबर १९१३ ला बाकूच्या ताघियेव थिएटरात पहिला प्रयोग झाला. अस्गर केला हुसेनगुलू साराबस्कीने आणि गुलचोहरा केली अहमद अघदामस्की या नटाने.

तुम्ही मराठी शिकवलंत, तेव्हा १९१३ हे साल वाचून तुमच्याही मनात तेच आलं असेल. त्याच वर्षी बालगंधर्व किर्लोस्कर मंडळीतून बाहेर पडले आणि गंधर्व नाटक मंडळी उभी राहिली. कॅस्पियन समुद्राच्या काठावर एक पुरुष गुलचोहरा होऊन लाजत होता आणि इकडे आपल्याकडे लोक शालू कसा नेसावा हे एका पुरुषाकडून शिकत होते. एकाला दुसऱ्याची खबर नाही. मी दोघांचे फोटो शेजारी ठेवून पाहिलेत. मान वळवण्याची पद्धतसुद्धा अनोळखी वाटत नाही.

पण त्याच्या आदल्या वर्षी काय झालं तेही सांगायला हवं, नाहीतर चित्र गोड होतं. १९१२ ला शोवकेत मम्मदोवा ही तरुण गायिका त्याच ताघियेव थिएटरात उघड्या चेहऱ्याने गायला उभी राहिली. अझरबैजानी मुसलमान स्त्री मंचावर, हे पहिल्यांदाच. प्रेक्षागृहात असा दंगा उसळला की तिला जीव मुठीत धरून पळावं लागलं. म्हणजे हाजिबेयोवने ‘मुलीचा चेहरा पाहीन’ म्हणणारा नायक लिहिला, तो या गावात, या घटनेनंतर वर्षभराने. वरवर हसवणारं नाटक आहे, पण त्याच्या पोटात हे आहे.

३२ वर्षांनी, १९४५ च्या चित्रपटात गुलचोहरा झाली लेयला बदिरबेली. बाई. दिग्दर्शक रझा तहमासिब आणि निकोलाय लेश्चेंको, पटकथा साबित रहमानची. वलीचं काम लुत्फली अब्दुल्लायेवने केलंय, तो विनोदाचा बादशहा, त्याच्यासाठी तरी सिनेमा पाहाच. जहान खाला मुनव्वर कलंतरली, तिचा आवाज खरखरीत आणि खणखणीत, आपल्याकडच्या जात्यावरच्या ओव्यांची आठवण यावी असा. बेहबुदोवसोबत या मंडळींपैकी बहुतेकांनाही स्टालिन पारितोषिक मिळालं, हे मला न्याय्य वाटतं. १९६५ ला हीच गोष्ट पुन्हा रंगीत चित्रपटात आली, तेव्हा अस्गर हसन मम्मदोवने केला. चांगला आहे. पण तुम्ही आधी १९४५ चाच पाहा. जुन्या कृष्णधवल प्रतीत नंतर रंग भरलेली आवृत्तीही फिरते. मला कृष्णधवल बरी वाटते. कापडाचे रंग आपल्या मनाने भरता येतात.

प्रश्न : भारताशी त्यांचा काही संबंध आला का? — एक वाचक, सदर

आला. १९५० नंतर सोव्हिएत कलावंत जगभर दौरे करत होते, त्यात तो भारतातही येऊन गायला. त्याची एक सवय होती, ज्या देशात जायचा तिथलं गाणं तिथल्या भाषेत म्हणायचा. फारसी, तुर्की, हिंदी, सगळं. त्याचं हिंदी ऐकताना उच्चार थोडे गोल होतात, ‘ह’ जरा जास्त श्वास घेऊन येतो, पण शब्दाचा अर्थ कळून गातोय हे जाणवतं. पाठ करून म्हटलेलं आणि समजून म्हटलेलं यातला फरक कानाला कळतो. १९५४ ला आपले हिंदी सिनेमे सोव्हिएत थिएटरांत लागले आणि तिकडचे लोक आपली गाणी गुणगुणू लागले, हे सगळ्यांना माहीत आहे. त्याच काळात तिकडचा एक गायक नट आपल्या मंचावर उभा राहून आपल्या भाषेत गात होता, हे मात्र आपण विसरलो.

प्रश्न : त्यांचा शेवट कसा झाला? — एक वाचक, महाल

९ जून १९८९ ला मॉस्कोत गेला. वय ७३. बाकूला ‘फख्री खियाबान’ म्हणजे मान्यवरांची दफनभूमी आहे, तिथे त्याची कबर आहे. बाकूत त्याच्या नावाचा रस्ता आहे आणि त्याच्या गीत-नाट्यगृहाला त्याचंच नाव आहे. मुलगी रशीदा हीसुद्धा गायिका. आणखी अडीच वर्षांनी सोव्हिएत संघ उरला नाही. ज्या शुशातून त्याचं घराणं आलं, त्या शुशाने नंतर युद्धं पाहिली. त्याने यातलं काही पाहिलं नाही.

प्रश्न : आमचं गांधीबागेत कापडाचं दुकान आहे, तिसरी पिढी. ‘अर्शिन’ म्हणजे नेमकं किती? आणि ‘माल आलान’ म्हणजे काय? — एक दुकानदार, गांधीबाग

भाऊ, तुमचं पत्र मी सगळ्यात शेवटी ठेवलं, कारण ते मला घरच्या माणसाचं वाटलं.

‘माल’ म्हणजे तुमचा माल, तोच शब्द, तोच अर्थ. ‘आलान’ म्हणजे घेणारा. ‘अर्शिन’ हे माप. तिकडचा फेरीवाला गल्लीत शिरताना हाक मारायचा, ‘अर्शिन माल आलान’, म्हणजे अर्शिनावर मोजून कापड घेणारं कुणी आहे का? आपल्याकडे सायकलच्या कॅरियरवर गाठोडं बांधून फिरणारे जी हाक मारत, तिचंच हे भावंड. हाजिबेयोवने ती बाजारातली हाक उचलली आणि तिचं नाटक केलं. म्हणून बेहबुदोवच्या भूमिकेचा जीव त्या हाकेत आहे. सिनेमा लांब वाटला तर निदान ती पहिली हाक ऐका. दुकान उघडताना, गल्ल्यावर उदबत्ती लावल्यावर, मोबाइलवर लावा. तुमच्या बाजारातल्या सकाळच्या आवाजात ती मिसळून जाईल.

आता माप. एक अर्शिन म्हणजे २८ इंच, सेंटीमीटरमध्ये ७१ आणि थोडं वर. आपला वार ३६ इंचांचा. म्हणजे अर्शिन आपल्या वारापेक्षा ८ इंचांनी आखूड. तुमच्याकडे आलेल्या बाईला नऊवारी अर्शिनावर मोजून दिली तर साडेअकरा अर्शिनांच्या थोडी वर जाईल, पदर अपुरा पडू नये म्हणून तुम्ही अर्थातच बाराच द्याल.

हे २८ इंच त्या रात्री हॉलमधल्या एका गृहस्थांनी बाबांना सांगितले होते. बाबांची लाकडी वारपट्टी माझ्याकडे आहे, दोन्ही टोकांना पितळेची पत्री, मधला भाग त्यांच्या हाताने गुळगुळीत झालेला. इंचाच्या खुणा बऱ्याचशा पुसल्यात. पण २८ च्या जागी पेन्सिलची एक आडवी रेघ आहे आणि तिच्या बाजूला बारीक अक्षरात त्यांनी लिहिलंय, ‘अस्गर’.